सात वाटे

दिवाळ्याची पालिका शाळा, सहावी ब.
फळ्यावर एकपासून शंभर, दहा रांगा,
शेवटची रांग जरा उतरलेली, माझा हात पोचत नाही.
आज चाळणी लावायची, म्हटलं.
ज्यांचे सारखे भाग पडतात ते गळतील,
वर राहतील त्या मूळ संख्या.

एक आधीच बाजूला काढला.
"त्यानं काय केलं, सर?" मागच्या बाकावरून.
काही नाही केलं. तेच तर.
कुणालाही तो भागतो,
कुणाचं काही बदलत नाही.

दोन ठेवला, त्याची पिलावळ खोडली.
निम्मा फळा एका दमात गेला.
तीन ठेवला. सत्तावन्नवर काट मारली तेव्हा वर्ग हळहळला,
इतका सरळ तोंडाचा आकडा
एकोणीस त्रिक निघाला.
पाचाला डोकं लागत नाही, शेवटचं घर बघायचं नि पुढं व्हायचं.
सातापर्यंत येता येता फारसं कुणी उरत नाही.
एकोणपन्नास. सत्त्याहत्तर.
इथं खडू मोडला, तुकडा टेबलाखाली गेला,
वाकून उचलला
आणि म्हणालो, झालं. मोजा.

पंचवीस उरायला हवेत.
सव्वीस भरले.
पुन्हा मोजले. सव्वीस.
घंटेला सहा मिनिटं,
आणि चौदा वर्षं मी हाच धडा शिकवतोय.

तेव्हा जागृती उठली.
हिच्या वहीला खाडीचा वास असतो,
तेराच्या पाढ्यावरून हिला मी दोनदा उभं केलंय.
"एक्क्याण्णव खोडा, सर.
काल आमचे एक्क्याण्णव बोंबील उरलेले.
सात वाटे लावले, तेरा-तेराचे.
हाताला काय राहिला नाय."

खोडला.
फळ्याकडं तोंड करून, गरजेपेक्षा जास्त वेळ.

मग सावरून विचारलं, सातावर का थांबलो आपण?
अकरानं का नाही बघायचं?
वर्ग गप्प. तीच म्हणाली,
"शंभराच्या आत अकरा वाटे लावले
तर एकेका वाट्यात दहाच्या वर येत नाय.
तेवढे लहान आकडे आपण आधीच बघितले ना."
हे पुस्तकात आहे,
पण पुस्तकाला अर्धं पान लागतं.

संध्याकाळी बाजारात गेलो.
बेलापूरच्या पुलावरून गाड्या, खाली ओटे,
निळ्या प्लास्टिकवर बर्फाचं पाणी.
तिची आई, वनिताबाई, बोंबील मांडत होती,
बोटं इतकी झपाट्यानं की मोजतेय हे कळतही नव्हतं.
मुलीचं कौतुक केलं.
ती हसली नाही.
"तिचा हिसाब चुकला त गिऱ्हाईक वरडतं, सर.
तुमच्यावर कोन वरडतं?"

उत्तर नव्हतं, म्हणून तिलाच प्रश्न विचारला:
कुठला आकडा नको वाटतो?
"एकोनतीस," ती लगेच म्हणाली.
"चार वाटे लाव, सात लाव,
एक हाताला राहतोच.
परवा एकतीस आले, त्याचं पन तेच."
मग त्या एकाचं काय करता?
तिनं ओट्याखाली बघितलं.
तिथं एक कानफाटी मांजर
सगळ्या मूळ संख्यांवर पोसलेली.
"नायतर कुनाच्या तरी वाट्यावर वर टाकायचा.
तोंड बघून."

एक वाटा घेतला. तेराचा, तिनं सांगितलं,
तेराचेच पैसे घेतले.
जागृती बाजूला उलट्या टोपलीवर बसून
मी दिलेला गृहपाठ करत होती, एकशे एक ते दीडशे,
पेन्सिल कानामागं.
माझ्याकडं बघितलं नाही. एकशे एकोणीसवर अडली होती,
सांगावंसं वाटलं,
नाही सांगितलं.

नेरुळला घरी आलो, सिंकमध्ये पिशवी उपडी केली,
सवयीनं मोजले.
चौदा.

पुन्हा मोजले.